'सोलापुरात झोंबी' हा व्हिडिओ फिरवणाऱ्यांना खुले पत्र

प्रति,
सोलापुरातल्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांचे समस्त ॲडमिन आणि रील करणारी तरुण मंडळी

विषय : आषाढी एकादशीचा सव्वीस सेकंदांचा व्हिडिओ

स. न. वि. वि.

तो व्हिडिओ तुम्हा सगळ्यांकडे आहे. माझ्याकडे चार ग्रुपांतून आला, त्यातला एक आमच्याच भावकीचा. दुपारचे साडेबारा, आपल्या शहरातला एक बसथांबा. धोतर, नेहरू शर्ट आणि टोपी घातलेला एक म्हातारा मान एका अंगाला टाकून चालतोय. डोळे उघडे आहेत, पण ते कशावर ठरत नाहीत. विजेच्या खांबाला धडकतो, दोन पावलं मागे येतो आणि पुन्हा त्याच खांबाकडे निघतो. मागे ढॅणढॅण संगीत. वर लिहिलंय, 'सोलापुरात झोंबी आला बे!' (झोंबी म्हणजे सिनेमातलं चालतं-फिरतं मढं.) खाली हसऱ्या तोंडांची रांग. कुणीतरी 'सकाळीच टाकून आलंय म्हातारं' असंही लिहिलंय.

ते माझे थोरले बंधू. आम्ही त्यांना अण्णा म्हणतो. वय 71, जन्मात दारूला शिवलेले नाहीत. गेली अकरा वर्षं इन्सुलिन घेतात. त्या दिवशी पहाटे सवयीने इंजेक्शन टोचून घेतलं आणि एकादशी म्हणून खाल्लं काहीच नाही. वहिनींनी भगर झाकून ठेवली होती. 'दर्शन घेऊन येतो, मग बघू' म्हणाले आणि निघाले. इन्सुलिनला एकादशी कळत नाही. ते आपलं काम करत राहिलं, रक्तातली साखर उतरत गेली.

मेंदू चालतो तो मुख्यतः साखरेवर, आणि स्वतःपुरता साठा त्याच्याकडे जवळजवळ नसतोच. रक्तातला आकडा 70 च्या खाली आला की घाम फुटतो, हात थरथरतात, छाती धडधडते. 54 च्या खाली गेला की माणूस बरळतो, अडखळतो, विनाकारण चिडतो, समोरच्याला ओळखत नाही. बघणाऱ्याला तो प्यायलेला वाटतो. एका रिक्षावाल्या भाऊंनी अण्णांना ओळखलं. अण्णा त्यांना ढकलत होते, शिव्याही दिल्या म्हणे, आयुष्यात पहिल्यांदाच. आमच्या पिढीला झोंबी म्हणजे अंगाला अंग भिडवून केलेली झटापट एवढंच माहीत. त्या अर्थाने त्या दिवशीची खरी झोंबी त्या रिक्षावाल्याने घेतली आणि अण्णांना घरी आणून सोडलं. यंत्रावर आकडा आला 38. गिळता येत होतं म्हणून तीन चमचे साखर पाण्यात ढवळून पाजली, पंधरा मिनिटांनी पुन्हा तपासलं, पुन्हा पाजली. (माणूस बेशुद्ध असेल तर तोंडात काहीही घालू नका, ते श्वासनलिकेत जातं, थेट दवाखाना गाठा.) अर्ध्या तासाने अण्णांनी वहिनींना विचारलं, "मी घरी कसा आलो? आणि माझी एक चप्पल कुठाय?"

आता मी कोण, ते सांगतो. मी पशुधन पर्यवेक्षक होतो. 1986 ला लागलो, 2019 ला निवृत्त झालो. सांगोला, मंगळवेढा, मोहोळ अशी नोकरी झाली. तुम्ही ज्याला झोंबी म्हणता तशी जनावरं मी तुमच्यापेक्षा पुष्कळ जास्त आणि पुष्कळ जवळून पाहिली आहेत, म्हणून हे पत्र. नुसतं भावासाठी लिहायचं असतं तर फोनवर दोन शब्द सुनावून मोकळा झालो असतो.

मंगळवेढ्याच्या बाजूची गोष्ट. मालदांडी ज्वारी काढून झाली होती आणि मोकळ्या रानात मेंढरं बसवली होती. धनगराचा निरोप आला म्हणून गेलो. कळपापासून लांब एक दीडेक वर्षाची मेंढी गोल गोल फिरत होती. डावीकडे, कायम डावीकडेच. मान तिरपी. पायाखाली तिच्याच फिरण्याने तयार झालेली वाट, घाण्याच्या बैलाची असते तशी. उचलून दुसरीकडे ठेवली की तिथे नवं रिंगण सुरू. "चकवा लागलाय हिला, सायेब," म्हातारा म्हणाला. त्यानं गळ्यात काळा दोरा बांधून झाला होता, उतारा टाकून झाला होता.

मी तिचं डोकं मांडीवर घेऊन कवटीवरून अंगठा फिरवला. एका जागी हाड पिकल्या लिंबासारखं दबलं. म्हाताऱ्याचा हात धरून त्याचाही अंगठा तिथे ठेवला, तेव्हा त्यानं तो विस्तवाला लागावा तसा मागे घेतला. दोन दिवसांनी आमच्या डॉक्टरसाहेबांनी तिथे कवटीला भोक पाडून आतली पिशवी हळूहळू ओढून काढली. कोंबडीच्या लहान अंड्याएवढी, पातळ, आत पाण्यासारखा द्रव, आणि आतल्या अंगाला खसखशीचे दाणे चिकटावेत तसे पांढरे ठिपके. त्यातला एकेक ठिपका म्हणजे एका जंताचं डोकं.

हा जंत कुत्र्याच्या आतड्यात वाढतो. टीनिया मल्टिसेप्स त्याचं नाव. कुत्र्याच्या विष्ठेतून अंडी गवतावर पडतात, गवताबरोबर मेंढीच्या पोटात जातात, तिथे फुटून निघालेल्या अळ्या रक्तातून मेंदूत पोचतात आणि काही महिन्यांत अशी पिशवी होते. ती जिथे दाबते त्याप्रमाणे मेंढी फिरते, आंधळी होते नाहीतर भिंतीला डोकं लावून उभी राहते. पण जंताला पुन्हा कुत्र्यात जायचं असतं. त्याशिवाय त्याची पुढची पिढी नाही. म्हणजे कुणीतरी या मेंढीचा मेंदू कुत्र्याला घालायला हवा. मी म्हाताऱ्याला विचारलं, "मेंढरू कापलं की मुंडकं काय करता?" त्यानं राखणीच्या कुत्र्याकडे बोट केलं. कुत्रं त्याच्या नातवाच्या मांडीवर डोकं ठेवून झोपलं होतं.

चकवा तिथे बसला होता. कुत्र्याला जंताचं औषध दिलं, पुन्हा कच्चं मुंडकं घालायचं नाही असं ठरलं, आणि पुढच्या दोन वर्षांत त्या वाड्यावर फिरणारी मेंढी मी पाहिली नाही. काळ्या दोऱ्याची चेष्टा मी तेव्हाही केली नाही. म्हाताऱ्यानं निदान मेंढीकडे नीट पाहिलं होतं, ती डावीकडेच फिरते हे मला त्यानंच सांगितलं. तुम्ही अण्णांकडे मोबाईलमधून पाहिलंत, आणि त्यांचा शर्ट घामाने पाठीला चिकटलेला आहे हे तुमच्यातल्या एकालाही दिसलं नाही. आषाढात, ढगाळ दुपारी, सावलीच्या थांब्यावर.

दुसरी गोष्ट माझ्या मूर्खपणाची आहे. 1993 साल, मोहोळ तालुका. खिल्लार गाय दोन दिवस चारा खात नाही, तोंडातून लाळेच्या तारा, खालचा जबडा लोंबलेला, हंबरणं बसकं, घोगरं. मालक म्हणाला, घशात काहीतरी अडकलंय, ज्वारीचं बुडखं असेल. मी बाही वर केली आणि उघडा हात थेट घशापर्यंत घातला. आत काही नव्हतं. बोटाला दाव्यानं कापलेली जुनी जखम होती. चौथ्या दिवशी गाय गेली, मेंदूचा नमुना तपासायला गेला, उत्तर आलं रेबीज.

पिसाळणं म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर फेस गाळत धावून येणारं कुत्रं येतं. ते खरं आहे, पण अर्धं. रेबीज मुकाही असतो. जनावर कोपऱ्यात बसतं, जबडा पडतो, मागचे पाय लुळे होतात, आणि माझ्यासारखा शहाणा त्याच्या घशात हात घालतो. विषाणू चावलेल्या जागेपासून नसांच्या वाटेने मेंदूकडे सरकत जातो. बहुतेकदा एक ते तीन महिने लागतात. मेंदूत पोचला की तिथून तो लाळेच्या ग्रंथींत उतरतो. त्याच सुमाराला घशाचे स्नायू आखडतात, गिळणं बंद होतं, लाळ तोंडातच साठते, आणि कुत्र्याचा स्वभाव बदलून ते दिसेल त्याला चावायला लागतं. एवढी जुळवाजुळव एका विषाणूनं केलेली पाहिली की माझ्यासारख्या माणसाला अजूनही शहारा येतो. माणसाला पाणी बघून भीती वाटते तीही याचमुळे. घोट घ्यायचा विचार आला तरी घशात कळ येते.

मला तेव्हा पोटात चौदा इंजेक्शनं घ्यावी लागली. ती लस मेंढीच्या मेंदूपासून करत. (मेंढ्यांचे माझ्यावर असे उपकार आहेत.) ती आता इतिहासजमा झाली, देशात 2004 नंतर बनत नाही. आता दंडात चार-पाच वेळा घ्यायची साधी लस आहे, सरकारी दवाखान्यात फुकट मिळते. जखम रक्ताळलेली असेल तर जखमेत सीरमही सोडतात. पण लक्षणं दिसू लागल्यावर उपाय जवळपास नाहीच. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाने जगात वर्षाला 59,000 माणसं रेबीजनं मरतात, त्यातली तिसऱ्या हिश्श्याहून जास्त आपल्या देशात. चावल्या चावल्या नळाखाली साबणानं पंधरा मिनिटं जखम धुणे हा निम्मा उपचार आहे. पण आपल्याकडे हळद, चुना, मिरची भरतात आणि व्हिडिओ काढतात.

मार्चमध्ये तुमच्यातल्याच एका ग्रुपवर 'झोंबी कुत्रं' आलं होतं. एक पिल्लू, फार तर पाच महिन्यांचं, च्युइंगम चघळावं तसा जबडा हलवत, एका पायाला झटके देत भिंतीच्या कडेकडेने चाललेलं. शेवटच्या पाच सेकंदांत त्याच्यावर फरशी पडते. मला ते डिस्टेंपरचं वाटलं. कुत्र्यांचा हा आजार माणसाला होत नाही; 2018 मध्ये गीरच्या सिंहांत तो सापडला तेव्हा देशभर बातमी झाली. अर्थात नुसतं बघून मीही छातीठोक सांगू शकत नाही. म्हणून नियम सोपा आहे : लांब राहा, पोरांना लांब ठेवा, 1962 या जनावरांच्या मदत क्रमांकावर फोन करा. चावलं असेल तर कोणता आजार होता याची चर्चा करत बसू नका, लस घ्या. फरशीनं फक्त एवढं झालं की त्या पिल्लानं आधी कुणाला चावलं होतं का, हे कुणी विचारलंच नाही.

तुम्हाला आवडणारी मुंगी मला माहीत आहे. पावसाळी जंगलातली, डोक्यातून बुरशीचा कोंब फुटलेली. तिच्या व्हिडिओला गाणं लावून तुम्ही 'आता माणसांचा नंबर' असं लिहिता. माणसांचा नंबर नाही. ती बुरशी ठरावीक मुंग्यांपलीकडे जात नाही. गंमत अशी, की 2017 मध्ये शास्त्रज्ञांनी अशा मुंग्या कापून पाहिल्या तर बुरशी स्नायूंच्या धाग्याधाग्यांत शिरलेली होती, मेंदूत मात्र नव्हती. मालक जागेवर, पण हातपाय दुसऱ्याच्या ताब्यात.

एवढ्या लांब जायलाही नको. घराच्या कोपऱ्यात मातीचं घरटं लिंपणारी कुंभारीण माशी पाहिलीत का? आमच्या लहानपणी सांगत, ती अळी आणते, तिच्याभोवती गुणगुणते आणि अळी ध्यास घेऊन घेऊन स्वतःच भिंगुरटी, म्हणजे तशीच माशी, होते. दृष्टांत म्हणून सुंदरच आहे, फक्त अळीला कुणी विचारलेलं नाही. ती डंख मारून लुळी केलेली असते आणि माशीच्या पिल्लांची शिदोरी म्हणून जिवंत कोंडलेली असते. हिचीच एक भाऊबंद, हिरव्या-निळ्या झगमगत्या अंगाची, झुरळाची शिकार करते. पहिला डंख छातीत, पुढचे पाय थोडा वेळ लुळे पडावेत म्हणून. दुसरा नेमका डोक्यात. त्यानंतर झुरळ उभं राहू शकतं, चालू शकतं, पण आपणहून निघत नाही. मग ती त्याच्या मिश्या अर्ध्या तोडते आणि उरलेली मिशी तोंडात धरून, दावं धरून गाय न्यावी तशी, त्याला चालवत बिळात नेते, पायावर अंडं घालते आणि खड्यांनी दार बंद करते. याचा रील करा. खुशाल करा, मी लाईक देईन.

माणसांकडे येतो. अमेरिकेतल्या फिलाडेल्फियाच्या रस्त्यावर कमरेत वाकून उभे राहिलेल्या लोकांचा व्हिडिओ तुम्ही 'नवा व्हायरस' म्हणून पाठवला होता. व्हायरस नाही तो. त्या लोकांच्या नशेत झायलाझिन होतं, आणि ते औषध मी तीस वर्षं हाताळलंय. बैलाची शिंगं कापायची असोत की जखम शिवायची, दंगेखोर जनावर शांत करायला डॉक्टर ते टोचतात. पाच-दहा मिनिटांत बैल मान खाली टाकतो, लाळ गाळतो, पायावर पाय चढतो. तिकडे ते फेंटानिल या अफूवर्गातल्या नशेत मिसळून विकलं गेलं. 2023 मध्ये तिथल्या सरकारला या मिश्रणाला देशापुढचा उदयोन्मुख धोका म्हणून जाहीर करावं लागलं. अफूवर्गाच्या नशेवरचा उतारा झायलाझिनवर चालत नाही, त्यामुळे माणसं उठता उठत नाहीत. तो व्हिडिओ बघून हसताना आपल्याकडच्या बटन गोळ्या आणि खोकल्याच्या औषधाच्या रिकाम्या बाटल्या कुठल्या मैदानाच्या भिंतीमागे पडतात, ते तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे.

झोंबी हा शब्द जिथून जगभर गेला त्या हैती देशात एका वनस्पतीला 'झोंबीची काकडी' म्हणतात. ती धोतऱ्याच्या जातीची. आपण महाशिवरात्रीला पिंडीवर वाहतो, रेल्वेरुळाच्या कडेला उगवतो, तोच हा धोतरा. त्याचं बी पोटात गेलं की तोंड कोरडं पडतं, बाहुल्या रुंदावतात, अंग तापतं आणि माणूस तासन् तास हवेतून काहीतरी वेचत बसतो, नसलेल्या माणसांशी बोलतो. आमच्या गावात एका पोराचं असं झालं तेव्हा 'लागीर' म्हणून त्याला रात्रभर देवळात बसवून ठेवलं होतं. सकाळी त्याच्या खिशात काटेरी बोंड सापडलं.

आणि चंद्रपूर जिल्ह्यातला एक शेतकरी. जनावरांना सर्रा म्हणून एक आजार होतो. मोठ्या चावऱ्या माश्यांमधून रक्तात परजीवी जातो, बैल गुंगल्यासारखा होतो, गोल फिरतो. माणसाला तो होत नाही असंच आम्हाला शिकवलं होतं. 2005 च्या सुमाराला हा शेतकरी वारंवार ताप आणि गुंगीनं आजारी पडला आणि त्याच्या रक्तात तोच जंतू निघाला. पुढे कारण सापडलं : या जंतूला मारणारं जे प्रथिन आपल्या सगळ्यांच्या रक्तात असतं, ते त्याच्या रक्तात जन्मतःच काम करत नव्हतं. माणूस औषधानं बरा झाला, कारण कुणीतरी रक्ताचा थेंब काचेवर घेऊन बघितला.

आता कामाचं. व्हिडिओ काढून टाका, हे मी सांगायची गरज नसावी. पण त्यानंतर त्याच ग्रुपांवर एक साधा मजकूर टाका, हवं तर माझ्याच शब्दांत : भलतंच चालणारा, बरळणारा माणूस दिसला तर आधी खिसा बघा, साखरेचं किंवा फिटचं कार्ड असतं; त्याला गाड्यांपासून बाजूला घ्या आणि 108 लावा. एप्रिल-मे मध्ये अंग भट्टीसारखं तापलेलं आणि बोलणं असंबद्ध असेल तर तो उष्माघात आहे, सावलीत घेऊन अंगावर पाणी ओता आणि मग फोन करा. सोलापूरच्या उन्हाची ओळख तुम्हाला करून द्यायला नको. फिट आलेल्याच्या नाकाला कांदा-चप्पल लावू नका, त्याला कुशीवर करा. आपल्या भागात अण्णांच्या वयाची, साखरेची आणि उपवासांची माणसं घरटी एक आहेत. पुढच्या एकादशीला पुन्हा कुणीतरी त्याच थांब्यावर उभं असणार.

अण्णांना व्हिडिओ दाखवायचा नाही असं आम्ही ठरवलं होतं. नातवानं दाखवलाच. त्यांनी तो दोनदा पाहिला. रागावले नाहीत. "हा मी?" एवढंच म्हणाले, आणि मग तिसऱ्यांदा लावायला सांगून चौदाव्या सेकंदाला थांबवला. तिथे, खांबाला धडकताना, त्यांची डावी चप्पल पायातून सुटून चहाच्या गाड्याच्या चाकाखाली जाताना दिसते. वारीला न्यायला म्हणून घेतलेली, नवीच होती. उजवी आमच्याकडे आहे. व्हिडिओ काढणारा गाड्यापासून चार हातांवर होता, तेव्हा त्याला ती सापडायला हरकत नाही. गाडेवाल्याकडे दिलीत तरी पोचेल.

आपला,
अण्णांचा धाकटा भाऊ
(निवृत्त पशुधन पर्यवेक्षक), सोलापूर